फिजीचे डॉक्टर पंतप्रधान : लौटोका ते सुवा

शनिवार : नांदी, लौटोका

ऑकलंडहून तीन तासांत विमान नांदीला उतरतं. नकाशात ‘नाडी’ असं लिहिलेलं दिसेल, पण तिथे सगळे नांदीच म्हणतात. विमानातले बहुतेक लोक बॅगा घेऊन डेनाराऊच्या धक्क्याकडे निघाले. मामानुथा आणि यासावा बेटांच्या बोटी तिथून सुटतात आणि फिजीला येणारा माणूस शक्यतो तिकडेच जातो. दादाने आणि मी टॅक्सी केली ती उत्तरेला, लौटोकाला जाण्यासाठी.

दादा ऑकलंडला राहतो. त्याच्या गल्लीत 1987 च्या लष्करी बंडानंतर फिजी सोडून आलेली बरीच कुटुंबं आहेत. त्यांच्या तोंडी एक नाव सारखं यायचं, डॉ. तिमोथी बवांड्रा. आपल्याकडे फिजीचा विषय निघाला की ‘तिथे भारतीयांचं सरकार होतं, ते लष्कराने पाडलं’ एवढं सांगून लोक मोकळे होतात. ज्यांचं सरकार पाडलं ते पंतप्रधान, म्हणजे हेच बवांड्रा, भारतीय वंशाचे नव्हतेच. ते तौकेई होते, म्हणजे मूळ फिजियन. त्यांच्या मंत्रिमंडळात दोन्ही समाजांची माणसं होती. जेमतेम महिनाभर त्यांनी कारभार केला. हा माणूस आपल्याला ठाऊक असायला हवा असं मला मनापासून वाटतं, म्हणून त्यांच्या जन्मगावापासून राजधानी सुवाच्या संसदेपर्यंत जायचं आम्ही ठरवलं होतं.

लौटोका जवळ आलं ते नाकाला आधी कळलं. जुलैचा महिना, गाळप सुरू. आमचं गाव वारणाकाठचं, त्यामुळे मळीचा वास ओळखायला वेळ लागत नाही. इथला कारखाना 1903 सालचा, ऑस्ट्रेलियाच्या कलोनियल शुगर रिफायनिंग कंपनीने उभारलेला. उसाने भरलेल्या छोट्या डब्यांची गाडी गावाच्या मुख्य रस्त्याला लागून, रांगेने उभ्या असलेल्या उंच ताडांजवळून खडखडत जाते आणि मोटारी थांबून तिला वाट देतात. दादा म्हणाला, “बघ गं, आपल्याकडे बैलगाड्यांची रांग लागते तसंच हे.”

या उसासाठीच 1879 ते 1916 या काळात साठ हजारांहून जास्त भारतीय माणसं गिरमिटावर, म्हणजे मुदतीच्या मजुरी करारावर, इथे आणली गेली. जहाजं आधी कलकत्त्याहून आणि 1903 पासून मद्रासहूनही सुटत. त्यामुळे इथे भोजपुरी-अवधी वळणाची हिंदी आहे, तमिळ-तेलुगू घरांची देवळं आहेत आणि मराठी आडनाव शोधूनही सापडत नाही. राबायला माणसं भारतातून आणली आणि जमीन तौकेई घराण्यांकडे ठेवली, ही ब्रिटिशांची घडी. ती जमीन विकत घेता येत नाही, खंडाने मिळते. 1976 च्या कायद्याने तो खंडकरार तीस वर्षांचा झाला. पुढचं सगळं राजकारण या एका गोष्टीभोवती फिरत राहिलं.

संध्याकाळी बाजारात गेलो. टोमॅटो, दालोचे कंद, कसावा, मिरच्यांचे वाटे, आणि एका बाजूला यांगोनाच्या, म्हणजे कालवून प्यायच्या कावाच्या, मुळ्यांच्या जुड्या. सोमवारी एका गावात जायचंय असं म्हटल्यावर विकणाऱ्या बाईंनी विचारलं, “किसका घर?” विसेइसेइ म्हटल्यावर त्यांनी हातातली जुडी खाली ठेवली, दुसरी जाडजूड निवडली, वर्तमानपत्रात गुंडाळून सुतळीने बांधली. गावात रिकाम्या हाताने शिरायचं नसतं. ही जुडी आधी पुढ्यात ठेवायची, मग बोलायचं.

रविवार : नामोली

रविवारी फिजीत दुकानं बंद, रस्ते ओस. नामोली हे गाव लौटोका शहराला अगदी चिकटून आहे. 22 सप्टेंबर 1934 रोजी बवांड्रांचा जन्म इथला. आम्ही गावात शिरलो नाही, रविवारी पाहुण्याने जाऊ नये असा रिवाज आहे. कडेच्या रस्त्यावरून चालत गेलो. मेथॉडिस्ट चर्चमधून चार सुरांतलं गाणं बाहेर येत होतं, वाद्य एकही नाही.

मुलगा हुशार, म्हणून क्वीन व्हिक्टोरिया स्कूलमध्ये गेला. ती तौकेई मुलांची निवासी शाळा. मग सुवाला वैद्यकीय शिक्षण. डॉक्टर झाल्यावर त्यांनी खासगी दवाखाना थाटला नाही, सरकारी आरोग्यसेवेत राहिले. काही वर्षं सॉलोमन बेटांवर काम केलं, न्यूझीलंडला जाऊन सार्वजनिक आरोग्याची पदविका घेतली, कुटुंबनियोजनाचं काम पाहिलं, प्राथमिक आणि प्रतिबंधक आरोग्यसेवेत वरच्या पदापर्यंत पोचले. त्यांच्या राजकारणाचं मूळ मला इथे दिसतं. असा डॉक्टर कोरोत, म्हणजे तौकेई गावातही जातो आणि उसाच्या वस्तीतही. दोन्हीकडे त्याला पाणी, संडास, जंत, खोकला आणि हातात नसलेला पैसा हेच दिसतं. सरदार घराण्यातल्या नेत्यांना हा समाज वरून दिसत होता. यांना तो खाटेजवळ उभं राहून दिसला.

दुसरी गोष्ट आपल्याकडच्या वाचकाला सहसा कुणी सांगत नाही. तौकेई समाज एकजिनसी नाही. फिजीची सत्ता पूर्वेकडच्या सरदारांकडे होती. 1970 च्या स्वातंत्र्यापासून पंतप्रधान असलेले रातू (म्हणजे सरदार) कामिसेसे मारा लाऊ बेटांचे, आणि गव्हर्नर जनरल रातू पेनाइया गानिलाऊ थाकांड्रोवेचे. ऊस, सोनं, पाइनची जंगलं आणि पर्यटनाची हॉटेलं मात्र मुख्यतः पश्चिमेत. कमावतो आम्ही आणि ठरवतात ते, ही पश्चिमेची जुनी तक्रार. बवांड्रा पश्चिमेचे. पूर्वेच्या कुणा बड्या सरदाराचा हात त्यांच्या डोक्यावर नव्हता.

सोमवार : विसेइसेइ

लौटोकाहून नांदीच्या जुन्या रस्त्यावर, समुद्राला लागून हे गाव. तौकेई लोकांच्या कथेप्रमाणे त्यांचे पूर्वज होड्यांतून पहिल्यांदा वुंडाच्या या किनाऱ्यावर उतरले. गावाचा मान त्यामुळे मोठा. चर्चजवळ मिशनरी येऊन शंभर वर्षं झाल्याचं, 1835 ते 1935 असं लिहिलेलं स्मारक आहे. बवांड्रा हे या गावचे म्हणून ओळखले जात.

मी गुडघ्याखाली येणारा सुलू नेसले होते. टोपी आणि गॉगल पिशवीत, आणि पिशवी खांद्यावर न लावता हातात. गावच्या प्रमुखांच्या घरी चटईवर बसलो. दादाने जुडी पुढ्यात ठेवली, दोन वाक्यं बोलला, आणि गप्प राहिला. प्रमुखांनी जुडीला हात लावला, हलक्या आवाजात बराच वेळ काहीतरी म्हटलं आणि शेवटी सगळ्यांनी पोकळ तळव्यांनी टाळ्या वाजवल्या. मग तानोआत, म्हणजे मोठ्या लाकडी कटोऱ्यात, यांगोना कालवली गेली. करवंटी आपल्यासमोर आली की एक टाळी वाजवायची, एका दमात प्यायची आणि नंतर तीन टाळ्या. चव मातीची. ओठ आणि जिभेचं टोक थोडा वेळ बधिर होतं. यानंतरच आम्ही काय विचारायला आलोय हे सांगता आलं.

बवांड्रांची कबर गावातच आहे. पाठीच्या कण्याच्या कॅन्सरने 3 नोव्हेंबर 1989 रोजी ते गेले, वयाच्या 55 व्या वर्षी. अंत्ययात्रेला हजारो लोक होते. एक आजी तेव्हा तरुण होत्या. त्या सांगत होत्या, उसाच्या पट्ट्यातून माणसांनी भरलेले ट्रक येत राहिले, बायका डोक्यावर ओढणी घेऊन, आणि गावाने सगळ्यांना जेवू घातलं. “सगळे आमच्याकडे जेवले,” हे त्या पुन्हा पुन्हा म्हणाल्या. त्या वेळच्या फिजीत एका तौकेई गावाने आणि उसाच्या मळ्यांनी मिळून एका माणसाला माती दिली, याचं मोल मला फार वाटतं. दोन समाज एकमेकांचे वैरी आहेत म्हणून बंड करावं लागलं, असं ज्यांनी सांगितलं त्यांना याचं उत्तर देता येत नाही.

मंगळवार : क्वीन्स रोडने सुवा

नांदी ते सुवा दक्षिण किनाऱ्याने दोनशे किलोमीटरच्या आत आहे, पण बसला चार-पाच तास लागतात. नांदीत बस बदलली तेव्हा मधल्या वेळात बाजारपेठेच्या टोकाचं श्री शिवसुब्रमण्य मंदिर पाहिलं. रंगीबेरंगी गोपुर, दाक्षिणात्य घडण. रोटी पार्सल घेतलं. पोळीत बटाट्याची भाजी गुंडाळून देतात, प्रवासात त्याच्यासारखं दुसरं नाही.

सिंगातोकाच्या पुढे एका बाजूला समुद्र आणि दुसऱ्या बाजूला हॉटेलं. नावुआच्या अलीकडे दुसरीच हवा लागते. पश्चिम कोरडी, हा भाग पावसाचा. हिरवं गच्च.

इथेच पॅसिफिक हार्बर आणि देउबा. रस्त्यावरून काही दिसत नाही, तरी मी खिडकीतून पाहत राहिले. 14 मेच्या पहिल्या बंडानंतर चार महिन्यांनी, 23 सप्टेंबर 1987 रोजी, बवांड्रा आणि मारा यांच्यात गव्हर्नर जनरलसमोर इथे समझोता झाला. दोन्ही बाजूंचं मिळून एक काळजीवाहू सरकार करायचं ठरलं. बवांड्रा तेव्हा कुठून कुठून फिरून आले होते. जूनमध्ये लंडनला गेले, राणीला भेटायला. ती फिजीची राणी होती, हे तिचं कायदेशीर सरकार होतं. भेट मिळाली नाही, तिच्या सचिवांशी बोलून परतावं लागलं. परत येऊन त्यांनी सह्यांची मोहीम चालवली, लोकांत फिरले, कोर्टात गेले. बंदूक हातात घ्या असं एकदाही म्हणाले नाहीत. आणि शेवटी ज्या मारांना निवडणुकीत हरवलं होतं त्यांच्याशीच हातमिळवणी करायला बसले, देश सावरावा म्हणून.

समझोत्याला दोन दिवस झाले आणि 25 सप्टेंबरला, पहिलं बंड करणारे लष्करी अधिकारी सितिवेनी राम्बुका यांनीच दुसरं बंड केलं. 7 ऑक्टोबरला फिजी प्रजासत्ताक जाहीर झालं. देउबाच्या कागदाचं काय झालं असतं, हा विचार सुवापर्यंत डोक्यातून जाईना. बवांड्रांच्या आयुष्यातली मला सगळ्यात जास्त चटका लावणारी तारीख 14 मे नाही, 23 सप्टेंबर आहे.

सुवाला पोचलो तेव्हा पाऊस होता.

बुधवार : सुवा, संसद

व्हिक्टोरिया परेडवर राखाडी दगडी रंगाची, घड्याळाच्या मनोऱ्याची शासकीय इमारत. समोर आल्बर्ट पार्क, पलीकडे 1914 सालचं ग्रँड पॅसिफिक हॉटेल. 1987 पर्यंत संसद याच इमारतीत भरायची. बंडानंतर ती दुसरीकडे गेली आणि 2014 मध्ये पुन्हा इथे आली. अर्ज करून आम्हाला आत जाता आलं.

इथपर्यंत बवांड्रा कसे आले ते सांगायला हवं. सरकारी नोकरीत असताना ते सरकारी कर्मचाऱ्यांच्या संघटनेचे अध्यक्ष झाले. 1984 च्या अखेरीला मारा सरकारने पगारवाढ गोठवली. शिक्षक, कारकून, नर्स सगळे भडकले. या असंतोषातून जुलै 1985 मध्ये सुवात फिजी लेबर पार्टी स्थापन झाली. महेंद्र चौधरी, कृष्णा दत्त हे संघटनांचे नेते तिच्या उभारणीत होते आणि अध्यक्ष बवांड्रा. त्याच वर्षी पक्षाने सुवाची महापालिका जिंकली. फिजीत तोवर वंश पाहून पक्ष निवडायचा, तौकेई असाल तर मारांचा अलायन्स, भारतीय असाल तर नॅशनल फेडरेशन. पगारपत्रक बघून मत द्या असं म्हणणारा हा पहिला पक्ष. पुढे फेडरेशनशी युती झाली आणि एप्रिल 1987 च्या निवडणुकीत 52 पैकी 28 जागा मिळाल्या. बवांड्रा आयुष्यात पहिल्यांदा खासदार झाले आणि 13 एप्रिलला थेट पंतप्रधान. हरीश शर्मा उपपंतप्रधान, जयराम रेड्डी अ‍ॅटर्नी जनरल. तौकेई समाजाच्या कारभाराचं खातं बवांड्रांनी स्वतःकडे ठेवलं.

आता कटू गोष्ट. तौकेई मतदारांतली जेमतेम दहा टक्क्यांच्या आसपास मतं युतीला पडली होती. निवडून आलेल्यांत भारतीय वंशाचे खासदार जास्त होते. विरोधकांना एवढं पुरलं. ‘जमीन जाणार’ अशी आवई उठली. वास्तविक 1970 च्या घटनेत जमिनीचे कायदे असे बांधून ठेवले होते की सिनेटमधल्या सरदारपरिषदेच्या प्रतिनिधींच्या संमतीशिवाय त्यांतलं अक्षर बदलता येत नव्हतं. पण मोर्चे निघाले, रस्ते अडवले गेले, लौटोकात रेड्डींच्या कचेरीवर पेटत्या बाटल्या फेकल्या. जमिनीची भीती खोटी होती, पण ती भीती बाळगणारी साधी माणसं खोटी नव्हती. बवांड्रांना त्यांच्यापर्यंत पोचायला वेळ हवा होता. तो मिळाला नाही.

सभागृह लहान आहे. लाकडी बाकं, आणि वर प्रेक्षकांची गॅलरी अगदी जवळ, बोललेलं सहज ऐकू येईल इतकी. गुरुवार, 14 मे 1987, सकाळी दहाची वेळ. विरोधी बाकांवरचे तानिएला वेइताता भाषण करत होते. राम्बुका त्या दिवशी साध्या कपड्यांत गॅलरीत बसले होते. गॅसचे मुखवटे घातलेले दहाएक सैनिक दारातून आत घुसले, आणि राम्बुकांनी सत्ता ताब्यात घेतल्याचं सांगितलं. गोळी एकही सुटली नाही. पंतप्रधानांसह सत्ताधारी खासदारांना ओळीने बाहेर काढून ट्रकमध्ये बसवलं.

तारखेचा योग असा की 1879 साली याच 14 मेला ‘लिओनिडास’ हे गिरमिटियांचं पहिलं जहाज फिजीला लागलं होतं. आणि राम्बुका लष्करी शिक्षणासाठी भारतात, निलगिरीतल्या वेलिंग्टनच्या स्टाफ कॉलेजात राहून गेलेले. माझ्या शेजारी उभा असलेला दादा बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, “चल, बाहेर जाऊ.”

इमारतीसमोर दोन पुतळे आहेत, थाकोम्बाऊ आणि सुकुना यांचे. दोघंही सरदार. तिसरा पुतळा डॉक्टरांचा असायला हवा, आणि तो याच अंगणात.

गुरुवार : नाबुआ, वेइउतो, सामाबुला

खासदारांचे ट्रक गेले त्या ठिकाणांवरून टॅक्सीने फिरलो. आधी नाबुआची क्वीन एलिझाबेथ बराक, बाहेरूनच पाहिली. नंतर सर्वांना वेइउतोच्या पंतप्रधान निवासात नेलं. तिथे सैनिकांनी त्यांना वंशावरून वेगळं केलं. तौकेई खासदार वेइउतोत राहिले आणि भारतीय वंशाच्या खासदारांना सामाबुलाच्या बॉरन हाऊसमध्ये हलवलं. एका पक्षाच्या बाकावर शेजारी बसलेल्या माणसांची अशी वाटणी केली. 19 मेला सुटका झाली.

सामाबुलात दादाच्या शेजाऱ्यांच्या ओळखीचे एक निवृत्त शिक्षक राहतात. सगळे त्यांना मास्टरजी म्हणतात. त्यांनी डाळ-भात आणि माशाचं कालवण वाढलं, आणि आपणहून बोलायला लागले. ते शिक्षक संघटनेत होते. बंडानंतर सहकारी एकेक करून गेले, ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड, कॅनडा. 1986 च्या जनगणनेत भारतीय वंशाचे लोक निम्म्याच्या जवळ होते, तौकेई समाजापेक्षाही थोडे जास्त. आता ते तिसऱ्या हिश्श्याच्या आसपास उरलेत. 1997 पासून तीस वर्षांचे खंडकरार संपत गेले, कित्येक कुटुंबांनी उसाचं रान सोडलं आणि सुवा-नाउसोरीच्या कडेला पत्र्याच्या वस्त्यांत येऊन राहिली.

“डॉक्टर साहब की घरवाली को भूलना नहीं,” मास्टरजी म्हणाले. खरंच आहे. आदि कुइनी बवांड्रा यांनी नवऱ्यामागे पक्षाचं नेतृत्व केलं. 1990 च्या घटनेने पंतप्रधानपद मूळ फिजियनांसाठी राखून ठेवलं होतं. बवांड्रा हयात असते तर ती अट त्यांनी सहज पुरी केली असती, यावरून त्यांना खाली खेचण्यात वंशाचा भाग किती आणि खुर्चीचा किती हे कळावं. 1999 मध्ये महेंद्र चौधरी पंतप्रधान झाले तेव्हा आदि कुइनी उपपंतप्रधान होत्या. तेही सरकार 2000 साली मे महिन्यातच उलथवलं गेलं.

आणि राम्बुका? ते 1992 मध्ये पंतप्रधान झाले, 1997 ची अधिक मोकळी घटना त्यांच्याच काळात आली, आणि डिसेंबर 2022 मध्ये ते पुन्हा पंतप्रधान झाले. 14 मे 2023 रोजी सुवातल्या मोठ्या प्रार्थनासभेत त्यांनी 1987 साठी जाहीर माफी मागितली. चौधरी तिथे हजर होते. माफी मागितली हे चांगलंच झालं, आणि त्याला धैर्य लागतं असं मी म्हणाले. मास्टरजींनी मान डोलावली. “हम तो माफ कर दिया. मगर लड़का लोग तो ब्रिस्बेन में घर ले लिया.” त्यांनी दादाच्या ताटात आणखी भात वाढला.

माझं मत मी त्यांनाही सांगितलं. माफीच्या सोबतीने शाळेच्या पुस्तकात बवांड्रांवर एक धडा हवा, त्यांच्या महिनाभराच्या कारभाराचा, देउबाचा आणि विसेइसेइच्या त्या जेवणाचा. मास्टरजी म्हणाले, धडा आला तर शिकवायला मी अजूनही जाईन.

शुक्रवार : परतीची बस

कुणाला या वाटेने जायचं असेल तर थोडं सांगून ठेवते. भारतीय पासपोर्टवर व्हिसा आधी काढावा लागत नाही. विसेइसेइला रविवारी जाऊ नका, यांगोनाची जुडी लौटोकाच्या बाजारातून घ्या. संसद पाहायला आधी विचारावं लागतं. थर्स्टन गार्डनमधल्या फिजी म्युझियममध्ये गिरमिटियांचं दालन आहे, तिथे निदान दोन तास ठेवा. मे महिन्यात गेलात तर 2023 पासून गिरमिट दिनाची राष्ट्रीय सुट्टी असते, त्या दिवसांत कार्यक्रम भरपूर आणि बसला गर्दीही भरपूर. सुवाहून सकाळची पहिली बस धरली तर दुपारच्या जेवणाला सिंगातोकाच्या बाजारात पोचता येतं.